सेटअप अर्ध्यातच अडतोय

प्रश्न: नौपाड्यात माझं छोटं दुकान आहे. डेस्कटॉपवर बिलिंगचं सॉफ्टवेअर टाकतोय तर १६१८ नंबरचा एरर येतो, चारदा केलं तरी तेच. पीसी फॉरमॅट मारू का?

उत्तर: अहो फॉरमॅट कशाला! १६१८ म्हणजे आधीच दुसरं काहीतरी इन्स्टॉल होतंय, आणि विंडोज इन्स्टॉलर एका वेळी एकच काम घेतो, बहुतेक मागे अपडेट चालू असेल, ते आधी पूर्ण होऊ द्या मग रीस्टार्ट करा. रीस्टार्टच हं, शटडाउन नको, कारण विंडोज १० मध्ये फास्ट स्टार्टअप (पीसी लवकर सुरू व्हावा म्हणून बंद करताना सिस्टीमची स्थिती जपून ठेवणारी सोय) चालू असेल तर शटडाउननंतरही सिस्टीम पूर्ण ताजी होत नाही (आमच्या बाबांना हे अजून पटत नाही). त्यानंतर सेटअपवर राइट क्लिक करून रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर.

पुढे व्हीसीरनटाइम१४० डीएलएल (सॉफ्टवेअर चालायला लागणारी एक मदतनीस फाइल) मिसिंग असं आलं तर ती एकटी फाइल कुठल्यातरी भलत्या साइटवरून उतरवू नका, व्हायरस घरी आणाल, मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल घ्या, ही फाइल त्याच पॅकेजमध्ये येते. विंडोज ६४ बिट असलं तरी सॉफ्टवेअर ३२ बिटचं असेल तर एक्स८६ वालंच (म्हणजे ३२ बिटचं) लागतं, सरळ एक्स८६ आणि एक्स६४ (६४ बिटचं) दोन्ही टाका.