आवाजाला पाच वर्षं

चिरंजीव गायकास,
अनेक आशीर्वाद.

पत्र मिळालं. तीन वर्षं बॅरिटोन (पुरुषाचा मधल्या उंचीचा आवाज) म्हणून शिकलास, मग नव्या गुरूंनी सांगितलं की तू टेनर (पुरुषाचा उंच आवाज) आहेस, आणि चार महिन्यांत तू टेनरची आरिया, म्हणजे ऑपेरातलं एकट्याचं गाणं, घेऊन लोकांसमोर उभा राहिलास. वरचा सूर फाटला. आता विचारतोस की परत बॅरिटोनकडे वळू, का गाणंच सोडू? यातलं काहीही या महिन्यात ठरवू नकोस. तुझ्या प्रश्नाशी नेमकं जुळणारं एका पोलिश गायकाचं आयुष्य मला चांगलं माहीत आहे, ते आधी सांगतो.

जाँ द रेश्के. मूळ नाव यान, जन्म वॉर्साचा, 1850 सालचा. घर सुखवस्तू, आई स्वतः गाणारी. वॉर्सात चिआफेई नावाच्या इटालियन शिक्षकाकडे तालीम झाली, पुढे आन्तोनियो कोतोन्यी या मोठ्या बॅरिटोनचं मार्गदर्शन मिळालं. 1874 मध्ये व्हेनिसला दोनिझेत्तीच्या 'ला फाव्होरिता' या ऑपेरामधला राजा अल्फोन्सो गाऊन तो रंगमंचावर आला, बॅरिटोन म्हणूनच. त्याच वर्षी लंडनला ड्रूरी लेन थिएटरात गायला, मोझार्टचा डॉन जोव्हानीसुद्धा. तिथल्या काही जाणकारांना तेव्हाच वाटलं होतं की या आवाजाचा रंग टेनरचा आहे. मात्र कामं मिळत होती, नाव होत होतं. अशा वेळी कोण कशाला मुळावर घाव घालील?

त्याने घातला. पॅरिसमध्ये जोव्हान्नी स्ब्रिलिया नावाचे नेपल्सचे निवृत्त टेनर शिकवायचे. त्यांच्याकडे जाऊन त्याने गळा पुन्हा पहिल्यापासून बांधायला घेतला. 1879 मध्ये माद्रिदला मायरबेअरच्या 'रोबेर ल द्याब्ल' या ऑपेरामध्ये टेनर म्हणून उभा राहिला आणि सपशेल पडला. तुझ्या त्या संध्याकाळीपेक्षा हे बरंच मोठं पडणं होतं, कारण तुला ऐकायला साठ-सत्तर माणसं होती आणि त्यातली निम्मी तुझ्या ओळखीची.

त्याच्या घरची परिस्थिती लक्षात घे. धाकटी बहीण जोझेफिन तेव्हा पॅरिस ऑपेराची सोप्रानो, म्हणजे उंच आवाजाची गायिका, होती. फ्रेंच संगीतकार मास्नेचा 'लाहोरचा राजा' हा ऑपेरा 1877 मध्ये रंगमंचावर आला, त्यातली पहिली सीता तीच. (पॅलेस गार्निए या पॅरिसच्या ऑपेरागृहाच्या रंगमंचावर सीता आणि इंद्र! त्या काळच्या पॅरिसला आपल्याकडच्या गोष्टींचं भारी वेड.) धाकटा भाऊ एदुआर बास, म्हणजे खर्जातला, गायक. 1876 मध्ये पॅरिसला खुद्द व्हेर्दीच्या हाताखाली 'आयदा'त राजा म्हणून त्याचं पदार्पण झालेलं. आणि थोरला हा असा, ना बॅरिटोन ना टेनर. तू लिहिलंस की बहिणीला नोकरी लागली आणि घरी जेवताना कुणी काही बोलत नाही. त्या जेवणाची मला कल्पना आहे. रेश्केच्या घरी काय बोलत असतील ते मात्र कुणी लिहून ठेवलेलं नाही.

पुढची जवळजवळ पाच वर्षं तो ऑपेराच्या रंगमंचापासून दूर राहिला. ही पाच वर्षं मला त्याच्या सगळ्या यशापेक्षा मोलाची वाटतात. 1884 मध्ये पॅरिसला मास्नेच्याच 'एरोदिआद'मध्ये तो जाँ म्हणून आला, सोबत भाऊ आणि बहीण दोघंही, आणि त्या रात्रीनंतर त्याच्या टेनरपणाबद्दल कुणी शंका काढली नाही. पुढल्याच वर्षी मास्नेच्या नव्या 'ल सीद'चा नायक त्याच्याकडे आला. मग लंडनचं कॉव्हेंट गार्डन आणि 1891 पासून न्यूयॉर्कचं मेट्रोपॉलिटन ही मोठी ऑपेरागृहं, गुनोचा रोमिओ, वाग्नरचा लोएनग्रिन. हा भाग तुला कुठेही वाचायला मिळेल, म्हणून मी त्यात रेंगाळत नाही. एक गोष्ट तेवढी सांगतो. वाग्नर तो आधी इटालियनमध्ये गायचा. 1895 मध्ये, पंचेचाळिसाव्या वर्षी, जर्मन शब्द घोटून घेऊन तो मेट्रोपॉलिटनला 'ट्रिस्टान' जर्मनमध्ये गायला. समोर सोप्रानो लिलियन नॉर्डिका, जी स्वतः स्ब्रिलियांचीच शिष्या, आणि राजा मार्केच्या भूमिकेत एदुआर.

आता तुझ्या गळ्याविषयी. तुझ्या पत्रात 'माझा वरचा सी लागतो' हे वाक्य तीनदा आहे. एखादा सूर लागतो म्हणून कुणी टेनर होत नाही. चांगल्या बॅरिटोनलाही सकाळच्या रियाजात एखादा असा सूर सापडतो. आवाज कोणत्या सुरांत सहज वस्तीला राहतो ते बघायचं, त्यालाच टेसितुरा म्हणतात. अर्धा तास सलग गायल्यावर तो कुठे मोकळा वाटतो आणि दुसऱ्या दिवशी सकाळी बोलताना घसा कसा लागतो, हे वहीत लिहून ठेव. दुसरी खूण म्हणजे खालून वर जाताना आवाज वळण घेतो, त्याची जात बदलते, ती जागा. टेनरचा आवाज मधल्या सी-च्या वरच्या ई, एफ, एफ-शार्पच्या आसपास वळतो. बॅरिटोनचा साधारण एक-दीड सूर आधीच. तुझी ती जागा मी दोन वर्षांपूर्वी ऐकली होती आणि मला ती तेव्हा टेनरकडे झुकलेली वाटली. पण तेव्हा तू एकवीस वर्षांचा होतास आणि त्या वयात मी कुणाच्या आवाजावर शिक्का मारत नाही. नव्या गुरूंचं निदान बहुधा बरोबर आहे. चार महिन्यांत मंचावर ढकलणं मात्र मला पटलेलं नाही, हे त्यांना माझ्या नावानिशी सांगितलंस तरी चालेल.

रेश्के पाच वर्षं थांबला कारण त्याला थांबणं परवडत होतं. तुला पुण्यात खोलीचं भाडं भरायचं आहे. म्हणून थांबणं म्हणजे काहीच न करणं असं समजू नकोस. मुलांच्या पियानोच्या शिकवण्या चालू ठेव. क्वायरमध्ये दुसऱ्या टेनरच्या रांगेत उभा राहा, तिथे कुणी तुला एकट्याला ऐकत नाही. फक्त क्वायरमध्ये जोर लावून शेजाऱ्यावर मात करायला जाऊ नकोस, अर्धे गळे तिथेच बिघडतात.

तालमीचे व्हिडिओ टाकावेत का, असंही विचारलंस. रेश्केने 1905 मध्ये पॅरिसला फोनोटिपिया कंपनीसाठी ध्वनिमुद्रण केलं, ऐकलं, त्याला ते पसंत पडलं नाही, आणि त्या तबकड्या बाजारात आल्याच नाहीत. आज त्याचं गाणं उरलंय ते मेट्रोपॉलिटनचे ग्रंथपाल लायनेल मेपलसन यांनी 1901 मध्ये चालू प्रयोगात मेणाच्या नळकांड्यांवर टिपलेल्या काही तुकड्यांत. खरखर एवढी की आवाज धुरातून यावा तसा येतो. इतकं कडक वागणं मला स्वतःला पटत नाही, आपण सगळे त्या गाण्याला मुकलो. पण तू आत्ता जे टाकशील ते मधल्या अवस्थेतलं असेल आणि लोक तुला त्यावरून लक्षात ठेवतील. तेव्हा रेकॉर्डिंग रोज कर आणि फक्त गुरूंना ऐकव.

रंगमंच सोडल्यावर रेश्केने आधी पॅरिसला आणि महायुद्धानंतर नीसला शिकवलं. युद्धात एकुलता एक मुलगा गेला होता. तरीही 1925 मध्ये मरेपर्यंत शिकवत राहिला. गायिका मॅगी टेट त्याची शिष्या, जिला पुढे खुद्द संगीतकार दब्युसीने त्याच्या ऑपेरातली मेलिसांदची भूमिका शिकवली. ब्राझीलची गायिका बिदू सायाऊ रेश्केकडे नीसला शिकली. तिचा आवाज लहान होता आणि लहानच राहिला, पण त्याच आवाजावर ती पुढे मेट्रोपॉलिटनला वर्षानुवर्षं गायली. लेओ स्लेझाक तर व्हिएन्नाचा गाजलेला टेनर. तोही नाव झाल्यावर रेश्केकडे शिकायला गेला. चेहऱ्याच्या पुढच्या भागात, नाक आणि गालफडांच्या हाडांत, आवाज घुमवण्यावर रेश्केचा भर असे. ही गोष्ट पुस्तकातून करायला जाऊ नकोस, नुसता नाकात गायला लागशील.

गुरू बदलू का, हा तुझा शेवटचा प्रश्न. सहा महिने नको. डिसेंबरच्या स्पर्धेचं नाव मागे घे, फी गेली तर जाऊ दे. काच्चीनीचं 'आमारिल्ली' हे जुनं इटालियन गाणं मधल्या पट्टीत घे, स्कार्लात्तीची एखाद-दोन गाणी घे, आणि एफ-च्या वर मार्चपर्यंत जाऊ नकोस. वही घेऊन होळीनंतर इकडे ये. पियानोचं ट्यूनिंग तोवर करून ठेवतो.

तुझा,
काका