जुनी क्लिप, आजची बातमी

प्रश्न: मी चालू घडामोडींवर छोटे व्हिडिओ बनवतो. मध्ये जुनं फुटेज टाकलं की लोक बघतात, पण लगेच कुणीतरी म्हणतं की हे त्या वेळचं नाहीच. नक्की कुठे चुकतंय?

उत्तर: अहो, बहुतेक वेळा क्लिप कुठून आली हेच बघितलेलं नसतं. १९१७ च्या रशियन क्रांतीचंच घ्या, विंटर पॅलेसच्या, म्हणजे झारच्या राजवाड्याच्या, गेटवर चढणारी गर्दी म्हणून जे सर्रास दाखवतात ते सोव्हिएत दिग्दर्शक आयझेनश्टाइनच्या सिनेमातलं आहे, दहा वर्षांनी शूट केलेलं, आणि भल्याभल्यांनी ते खरं म्हणून वापरलंय! म्हणून यूट्यूबवरून उचलण्याआधी मूळ संग्रहातली नोंद वाचा, जुने बातमीपट बनवणाऱ्या ब्रिटिश पाथे कंपनीच्या ८५,००० फिल्म्स २०१४ मध्ये यूट्यूबवर आल्यात, त्यांच्या नोंदीत माहिती मिळते, पण त्यांची कॉमेंटरी बऱ्याचदा त्या काळच्या सरकारी चष्म्यातली असते हे विसरू नका. स्क्रीनवर साल आणि ठिकाण लिहा, निदान चार सेकंद दिसू दे. मूकपटाच्या काळातली माणसं तुरुतुरु पळताना दिसली तर स्पीड कमी करा, ते बहुधा सेकंदाला १६ ते १८ फ्रेमवर (म्हणजे तेवढ्या चित्रांवर) शूट झालेलं असतं आणि आपण २५ वर चालवतो. आणि अशा क्लिपमागे वाजणारं ते दुःखी व्हायोलिन तेवढं काढून टाका बुवा.