‘जान पहचान हो’ या गाण्यात पडद्यावर दिसणारा बँड खरा होता का?

होय, तो मुंबईचाच बँड होता आणि त्याचे नाव ‘टेड लायन्स अँड हिज कब्ज’ असे होते. राजा नवाथे दिग्दर्शित ‘गुमनाम’ (१९६५) या चित्रपटातील हे गाणे थांबवून पाहिल्यास ड्रमवर लिहिलेले हे नाव दिसते. तथापि, शंकर-जयकिशन यांच्या या गाण्यातील आवाज मोहम्मद रफी यांचा आहे. पडद्यावर ओठ हलवणारे हर्मन बेंजामिन हे नृत्यदिग्दर्शक होते, आणि डोळ्यांवर मुखवटा लावून बेभान नाचणाऱ्या लक्ष्मी छाया यांच्यावरून प्रेक्षकांची नजर हटतच नसल्यामुळे मागे गिटार वाजवणाऱ्यांकडे फारसे कोणाचे लक्ष गेले नाही. (माझ्या मते तो अन्यायच आहे, कारण त्या प्रसंगातील अर्धी ऐट त्यांची आहे.) पुढे टेरी झ्विगॉफ यांच्या ‘घोस्ट वर्ल्ड’ (२००१) या अमेरिकी चित्रपटाच्या प्रारंभीच, नायिका आपल्या खोलीत टीव्हीवर हेच गाणे लावून नाचते, त्यामुळे हा बँड परदेशातील प्रेक्षकांपर्यंतही पोहोचला. २०११ मधील हाइनेकेन या बिअरच्या जाहिरातीत मात्र गाणे तेवढे घेतले गेले. पडद्यावरील वादक दुसरेच आहेत.