अँडी रॉबर्टसन लिव्हरपूलला येण्याआधी कुठे खेळायचा?

हा फुटबॉलपटू मूळचा स्कॉटलंडमधल्या ग्लासगोचा. लहानपणी तिथल्याच सेल्टिक क्लबच्या अकादमीत होता, पण अंगानं बारका म्हणून 15 व्या वर्षी त्याला सोडून दिलं. मग तो क्वीन्स पार्कमध्ये गेला. हा क्लब तेव्हा पूर्ण हौशी, म्हणजे खेळाडूंना पगार नाही. 2012-13 चा मोसम तो स्कॉटलंडच्या चौथ्या, म्हणजे सर्वांत खालच्या श्रेणीत खेळला. क्लबचं घरचं मैदान मात्र हॅम्पडेन पार्क! पन्नास हजारांवर लोक मावतात तिथे, आणि बहुतेक सामन्यांना यायचे जेमतेम काही शे. त्याच हॅम्पडेनमध्ये तो तिकिटांच्या चौकशीचे फोन घ्यायचा. ऑगस्ट 2012 मध्ये त्यानं ट्विटही केलं होतं की या वयात खिशात पैसे नाहीत, नोकरी हवी आहे.

पुढची दोन वर्षं थक्क करणारी आहेत. 2013 मध्ये स्कॉटलंडच्याच डंडी युनायटेड क्लबनं घेतलं, लगेच डावा बचावपटू म्हणून जागा पक्की. मार्च 2014 मध्ये पोलंडविरुद्ध स्कॉटलंडकडून पदार्पण, त्याच उन्हाळ्यात इंग्लंडचा हल सिटी क्लब. लिव्हरपूल 2017 मध्ये. माझ्या मते त्याला खरा घडवला तो क्वीन्स पार्कनं, कारण तिथे त्याला दर आठवड्याला मोठ्या माणसांविरुद्ध खेळायला मिळालं.