खांद्याचं फ्रॅक्चर, फॉलोअपला कोणता कोड?

प्रश्न: ताई, मी दारव्ह्याकडच्या खेड्यातून घरीच मेडिकल कोडिंग, म्हणजे आजार-इजांना ठरलेले कोड लावायचं काम, शिकून राहिली. अमेरिकेतल्या पेशंटची प्रॅक्टिस फाईल आली, डाव्या खांद्यापाशी दंडाचं हाड मोडलेलं, ऑपरेशन नाही, नुसती झोळी. आता तो नव्या डॉक्टरकडे पहिल्यांदा एक्सरेसाठी आला. कोडच्या शेवटी ए अक्षर लावू, डी लावू, का आफ्टरकेअरचा (उपचारानंतरच्या देखभालीचा) झेड कोड? मले तर काहीच समजून नाही राहिलं.

उत्तर: झेड कोड आधी डोक्यातून काढ बाई, फ्रॅक्चरच्या फॉलोअपला तो चालतच नाही. फ्रॅक्चरचा मूळ कोडच ठेवायचा, फक्त शेवटचं, म्हणजे सातवं अक्षर बदलतं. ए म्हणजे पहिली भेट असं क्लासमध्ये सर्रास सांगतात अन् तिथंच सगळा घोळ होते, ए म्हणजे उपचार अजून चालू आहे, मग डॉक्टर नवा असो का जुना. तुझा पेशंट हाड जुळते का नाही ते पाहायला आला, म्हणून डी. फाईलमध्ये जास्त तपशील नसेल तर एस४२.२०२डी. उशिरा जुळत असेल तर जी, जुळलंच नाही तर के, वाकडं जुळलं तर पी, पण हे डॉक्टरनं लिहिलं असेल तरच, एक्सरे पाहून आपण ठरवायचं नाही. पुढे खांदा आखडला तर आखडल्याचा कोड आधी, मग फ्रॅक्चरचा कोड, शेवटी एस लावून.

अन् हो, ही शेवटची अक्षरं अमेरिकेच्या आयसीडी-१०-सीएम या कोडयादीची, डब्ल्यूएचओच्या (जागतिक आरोग्य संघटनेच्या) आयसीडी-१० यादीमध्ये शोधत नको बसू.