कॅमेऱ्याला दोन लाख द्यायचे का?

नमस्कार,

तुमचं पत्र दोनदा वाचलं. वाईत तुमचं हार्डवेअरचं दुकान आहे. मुलगा यंदा बारावी सायन्स झाला, सीईटीला मार्कही बरे आहेत, पण त्याला इंजिनिअरिंग नको. डोंगरदऱ्यांचे फोटो काढायचे आणि ते कसे काढायचे हे यूट्यूबवर शिकवायचं, हेच त्याचं करिअर. त्यासाठी दोन लाखांचा कॅमेरा हवाय. तुम्ही विचारलंय, "यात पोट भरतं का, की पोरगं मोबाइल बघून वाहवत गेलंय?"

पोट भरतं. फक्त ज्या गोष्टीवर ते भरेल असं त्याला वाटतंय, तिच्यावर नाही.

लग्नाच्या फोटोला वरपक्ष असतो, कारखान्याच्या फोटोला मार्केटिंगचा साहेब असतो. हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्याचं बिल कुणाच्या नावे फाडणार? एखादं कॅलेंडर, एखाद्या रिसॉर्टची भिंत, दिवाळी अंकाचं मुखपृष्ठ, एवढीच गिऱ्हाइकं, तीही कधीमधी.

हे आपल्याकडेच आहे असं समजू नका. लँडस्केप म्हटलं की जगभर पहिलं नाव निघतं ते अमेरिकेतल्या अॅन्सेल अॅडम्सचं (1902–1984). शाळेत मन रमेना म्हणून वडिलांनी त्याला बाराव्या वर्षी घरी बसवून शिकवलं आणि 1915 मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत भरलेल्या जागतिक प्रदर्शनाचा वर्षभराचा पास काढून दिला. (हे वाचून लगेच चिरंजिवांचं नाव कॉलेजातून काढू नका!) पुढच्या वर्षी कॅलिफोर्नियातल्या योसेमिटी राष्ट्रीय उद्यानाच्या सहलीत त्याच्या हाती साधा कोडॅक बॉक्स कॅमेरा आला. तरीही तिशीच्या उंबरठ्यापर्यंत त्याला व्हायचं होतं पियानोवादक.

तुमच्या कामाचा भाग पुढे आहे. एवढं नाव होऊनही अॅडम्सचा संसार बराच काळ जाहिराती आणि कंपन्यांच्या कामांवर चालला. सासऱ्यांचा योसेमिटीतला स्टुडिओ बायकोकडे आला, त्या दुकानाचाही आधार होता. 1 नोव्हेंबर 1941 चा त्याचा न्यू मेक्सिकोतला चंद्रोदयाचा फोटो जगप्रसिद्ध आहे. तो त्यानं काढला ती भटकंती सरकारी कामाची आणि एका पोटॅश कंपनीच्या फोटोंची होती. धावपळीत प्रकाशमापक सापडेना. चंद्राची तेजस्विता त्याला आकड्यात पाठ होती, त्यावरून मनातल्या मनात हिशेब करून त्यानं एक निगेटिव्ह घेतलं. दुसरं घेईपर्यंत फोटोतल्या थडग्यांच्या क्रुसांवरचं ऊन गेलं होतं. भौतिकशास्त्र नको म्हणणाऱ्या तुमच्या मुलाला एवढा प्रसंग जरूर वाचून दाखवा.

अॅडम्स शिकवायचाही. फ्रेड आर्चरबरोबर त्यानं एक्स्पोजरची, म्हणजे फोटोत किती उजेड घ्यायचा हे ठरवायची, 'झोन सिस्टीम' बसवली, योसेमिटीत वर्षानुवर्षं कार्यशाळा घेतल्या, कॅमेरा, निगेटिव्ह आणि प्रिंट यांवर एकेक पुस्तक लिहिलं. आजचे यूट्यूबवाले लँडस्केप फोटोग्राफर त्याच वाटेवर आहेत. फोटो ही त्यांची पाटी. पैसा येतो कोर्स, कार्यशाळा, सहली आणि व्हिडिओवरच्या जाहिरातींतून. म्हणजे चिरंजीव ज्याला जोडधंदा समजतायत, तो मुख्य धंदा आहे. त्यांनी स्वतःला विचारायचा प्रश्न असा: मला शिकवता येतं का?

जाहिरातीचा हिशेब तुम्हाला दुकानदार म्हणून लगेच कळेल. चॅनेलला 1,000 सबस्क्रायबर आणि वर्षभरात 4,000 तास बघितलं जाणं, ही त्या उत्पन्नाची नेहमीची किमान अट. माणूस सरासरी चार मिनिटं थांबला, तर 60,000 वेळा व्हिडिओ बघितले गेले पाहिजेत. आणि हे झालं की गल्ला उघडतो, भरत नाही.

म्हणून कॅमेरा आत्ता नको. हातातल्या मोबाइलवर त्यानं येत्या सहा महिन्यांत मराठीत बारा धडे करावेत. मेणवलीच्या घाटावर पहाटेचा उजेड कसा सरकतो, धोमच्या पाण्यावर धुकं केव्हा धरतं, कासला फुलं जमिनीलगत असताना कॅमेरा कुठे ठेवायचा, असं. गावातल्या चार जणांना प्रत्यक्ष शिकवावं आणि त्यांचे आधीचे नि नंतरचे फोटो शेजारी ठेवून बघावेत. मोठा कॅमेरा लागेल त्या दिवशी पुण्यातून भाड्यानं आणावा. सहाव्या धड्याला कंटाळला, तर दोन लाख वाचले. बारावा झाल्यावर तेरावा सुचला, तर जुन्या बाजारातली कॅमेऱ्याची बॉडी (लेन्सशिवायचा कॅमेरा), एक बरी लेन्स आणि भक्कम ट्रायपॉड घेऊन द्या. ट्रायपॉडवर काटकसर नको, आपल्या कड्यांवरचा वारा हलका ट्रायपॉड कॅमेऱ्यासकट खाली नेतो.

शिक्षण सोडू नये, हे माझं ठाम मत. इंजिनिअरिंगच हवं असा माझा आग्रह नाही. मुंबईच्या सर जे. जे. संस्थेच्या उपयोजित कलेच्या पदवीत फोटोग्राफी शिकता येते, पण प्रवेश परीक्षेला चित्रकला येते. त्याचा हात चालतो का, ते बघा. पदवीनंतर एनआयडीचा (राष्ट्रीय डिझाइन संस्थेचा) फोटोग्राफीचा पदव्युत्तर अभ्यासक्रम आहे. यातलं काही जमलं नाही तर साधी बी.एस्सी. किंवा बी.कॉम. करावी आणि सुट्टीत एखाद्या लग्नाच्या फोटोग्राफरच्या हाताखाली राबावं. यात कमीपणा मानणारी मुलं मी बरीच पाहिली, ती या धंद्यात टिकली नाहीत. गिऱ्हाईक, वेळ आणि उधारी यांचा धडा तिथेच मिळतो.

एक गोष्ट आत्ताच सांगून ठेवतो. आपल्या 1957 च्या कॉपीराइट कायद्यानुसार कुणी पैसे देऊन फोटो काढून घेतला आणि वेगळा करार नसेल, तर हक्क सहसा पैसे देणाऱ्याकडे जातो. पहिल्याच ऑर्डरला कागद करायची सवय त्याला तुम्हीच लावू शकता, दुकानात रोज तेच करता.

सहा महिन्यांनी कळवा काय झालं ते. पण पुढचं पत्र त्याला लिहू द्या.