नुसती सही

चिरंजीवास अनेक उत्तम आशीर्वाद.

जुळे सोलापुरातलं दुमजली घर, पाहुण्यांपुढे कडक भाकरी, शेंगाचटणी, दही. पाहुणे फाटकाबाहेर पडले की आत भांड्यांची आदळआपट. वरचा मजला कुणाच्या पैशातून चढला, हे तोंडावर कुणीच बोलत नाही. मग पातेली बोलतात.

आता बाबा तुला घराच्या कर्जात सहकर्जदार करू म्हणतात. ‘नुसती सही आहे.’ नुसती नसते रे. हप्ते थकले की बँक तुझ्या दारात, आणि सिबिलला, म्हणजे कर्जफेडीच्या नोंदीत, सगळं कर्ज तुझ्याही नावावर. खरेदीखतात नाव नसेल तर घर तुझं नाहीच. हप्ता भरूनही व्याजाची आयकर सवलत मिळत नाही, ती मालकाला असते.

म्हणून आधी कागद गोळा कर. इंडेक्स टू (खरेदीच्या नोंदणीचा उतारा), प्रॉपर्टी कार्ड किंवा सातबारा, कर्जाचं मंजुरीपत्र, कर्जखात्याचा उतारा. घरपट्टीच्या पावतीवर नाव आहे म्हणून मालकी ठरत नाही, इथे भलेभले फसतात. मग वहीच्या एका पानावर मांड: कुणी, कधी, किती दिले, बँकेतून की रोख. दादाने रोख दिलेलेही लिही. वाद बहुतेक तिथेच पेटतो. रोखीला पावती नसते आणि आठवण ज्याच्या त्याच्या सोयीची.

गड्ड्याच्या, म्हणजे सिद्धेश्वराच्या यात्रेला सगळे जमतात म्हणून तेव्हा विषय काढू नकोस. भरल्या घरात बाबा एकतर मान डोलावतील नाहीतर भडकतील. दोन्हीचा उपयोग शून्य. आधी एकट्या बाबांशी बोल. नंतर दादाशी, पण वहिनीला बसवून. पैसे तिच्याही पगारातून गेले असतील. फॅमिली ग्रुपवर अक्षर नको.

‘ताई काही मागणार नाही’ हे गृहीत धरणं मला पटत नाही. वडिलोपार्जित मिळकतीत हिंदू वारसा कायद्याच्या 2005 च्या दुरुस्तीपासून मुलीचा मुलाइतकाच हक्क. घर बाबांच्या कमाईचं असेल तर मृत्युपत्राने ते कुणालाही देऊ शकतात; मृत्युपत्र नसेल तर आई, ताई, दादा, तू, सारखे चार वाटे. मृत्युपत्राला स्टँप लागत नाही, दोन साक्षीदार लागतात. ज्यांना काही मिळणार आहे त्यांना साक्षीला घेऊ नये. हक्कसोडपत्र मात्र नोंदवावं लागतं, आणि तेराव्याच्या गर्दीत बहिणीपुढे तो कागद सरकवू नये.

वहीतलं पान भरण्याआधी आईला एकदा विचार, तिच्या पाटल्या कुठल्या साली मोडल्या. ती नोंद पहिल्या ओळीत येईल.